चालता-बोलता : गावातलंच गाव बघायला गाईड कशाला?

मागच्या अंकात छोट्या ग्रुपच्या हेरिटेज वॉकबद्दल सहज चार ओळी लिहिल्या होत्या, त्यावर एवढी पत्रं आणि व्हॉट्सॲप आले की म्हटलं यावेळचं सदर त्यालाच देऊन टाकू. सगळी घेता आली नाहीत, पाच घेतलीत.

प्रश्न : नोव्हेंबरमध्ये दोन दिवस कोल्हापूरला येतोय. मी, मिस्टर, सासूबाई (वय ६८, गुडघे कुरकुरतात) आणि नववीतली मुलगी. आठ-दहा जणांना गाईड चालत गाव दाखवतो असं कळलं. मिस्टर म्हणतात मोबाईलवर सगळं मिळतं, पैसे कशाला घालवायचे. काय करू?
— एक वाचक, कोथरूड, पुणे

उत्तर : ताई, मिस्टरांचं अर्धं बरोबर आहे. अंबाबाईचं देऊळ, राजवाडा, रंकाळा तलाव हे मोबाईल दाखवतोच, रस्ता पण सांगतो. पण कोल्हापुरात बघण्यासारखं जे आहे ना त्यातलं निम्मं आता जाग्यावर नाहीच, त्याचं काय करणार? गंगावेस म्हणतो आम्ही, रिक्षावाल्याला सांगितलं की बरोब्बर नेऊन सोडतो, पण वेस कुठाय? रंकाळावेस, आदितवार वेस, सगळ्या वेशी तटबंदीबरोबर गेल्या, नावं तेवढी राहिली. तटाचा तुकडा बघायचा तर बिंदू चौकात जायचं, तिथं अजून उभा आहे. मुलीला त्याच चौकातला बाबासाहेबांचा पुतळा मुद्दाम दाखवा, ९ डिसेंबर १९५० ला बसवलाय, म्हणजे बाबासाहेब हयात असताना. हे कळल्यावर पोरं थांबून बघतात असा माझा अनुभव आहे, नाहीतर चौकातला पुतळा म्हणजे सिग्नलसारखाच, कोण बघतंय.

तळ्यांचं तर विचारूच नका. कपिलतीर्थ म्हणजे आता भाजी मंडई, मेथीच्या पेंढ्यांमधून वाट काढत आत गेलात की कपिलेश्वराचं देऊळ, हे गावाचं ग्रामदैवत. आणि गांधी मैदान म्हणजे पूर्वीचं वरुणतीर्थ तळं. एका जुलैत आम्ही नऊ जण तिथं छत्र्या घेऊन उभे होतो, मैदानात घोटाभर पाणी, गाईड सांगत होता की इथं तळं होतं, तेवढ्यात सायकल हातात धरून एक आजोबा थांबले, आमच्याकडं बघितलं, पाण्याकडं बघितलं आणि म्हणाले, "होतं काय म्हणतोस, ते दरवर्षी आपल्या घरला येतंय की." आणि गेले निघून. हे गूगल मॅपवर कुठं सापडणार? चाळीस जणांच्या घोळक्यात पण सापडत नाही, कारण एवढ्या माणसांजवळ कुठला आजोबा थांबतोय. महाद्वार रोडच्या मागच्या गल्ल्यांतून टू-व्हीलर चुकवत चालायचं असतं, आठ-दहा जण असले की नेहमीच्या आवाजात सांगितलेलं सगळ्यांना ऐकू जातं आणि मधेच "हे काय ओ?" असं विचारता येतं. पैसे त्याचे द्यायचे, माहितीचे नव्हे.

सासूबाईंचं गाईडला आधीच सांगून ठेवा. साधारण दोन-अडीच तासांचा कार्यक्रम असतो, सकाळी सातला सुरू होणारा घ्या. देऊळ ते भवानी मंडप (जुना राजवाडा) काही मिनिटांचं अंतर आहे, मंडपात सावलीत निवांत टेकता येतं, तिथून खासबाग हे कुस्तीचं मैदान पण जवळच. पुढं चालवेना झालं तर खासबागेपासून रिक्षा करून द्या आणि तुम्ही तिघं पुढं जा, त्यात कमीपणा काही नाही.

एक मात्र बघा. ९, १०, ११ नोव्हेंबरला अंबाबाईच्या देवळात किरणोत्सव असतो. देऊळ पश्चिमाभिमुख, मावळतीची किरणं महाद्वारातून आत येतात आणि पहिल्या दिवशी चरणांपर्यंत, दुसऱ्या दिवशी छातीपर्यंत, तिसऱ्या दिवशी मुखापर्यंत पोचतात, म्हणजे ढग आडवा आला नाही तर. परत ३१ जानेवारी आणि १, २ फेब्रुवारीला तसंच. त्या दिवसांत संध्याकाळी देवळाच्या बाजूला मुंगी शिरायला जागा नसते, तेव्हा वॉक सकाळी उरका आणि संध्याकाळ देवीला द्या.

प्रश्न : जन्म शिवाजी पेठेतला, वय ४१. बायको म्हणते आपण पण वॉकला जाऊया. मला कोल्हापूर कोण काय दाखवणार? लोक हसतील.
— एक पेठकर

उत्तर : हसू देत की भावा, आपल्याकडं लोक कशालाही हसतात. तुमची एक छोटी परीक्षा घेतो. खरी कॉर्नरला कॅमेऱ्याचा स्तंभ आहे, गाडीवरून हजारदा गेला असाल, तो कशाचा आहे हे पोरांना सांगता येईल काय? बाबूराव पेंटरांनी इथंच, कोल्हापुरात, स्वतःच्या हातानं सिनेमाचा कॅमेरा तयार केला. त्यांच्याच हाताखाली तयार झालेल्या मंडळींनी १९२९ साली प्रभात फिल्म कंपनी काढली ती पण कोल्हापुरातच, पुण्याला नंतर गेली (वरच्या ताईंनी राग मानू नये). दुसरं. टाऊन हॉलच्या म्युझियममध्ये शाळेत असताना गेला असाल आणि बाहेरच्या तोफेवर बसून फोटो काढून परत आला असाल, आपण सगळ्यांनी तेच केलंय. आत पोसायडनची कांस्यमूर्ती आहे, रोमन लोकांकडची. सापडली कुठं, तर आपल्या पंचगंगेच्या काठावरच्या ब्रह्मपुरी टेकडीवर. म्हणजे समुद्राचा देव, आणि निघाला घाट चढून आत कोल्हापुरात! इथला माल कुठवर जात होता आणि तिकडनं काय येत होतं याचा विचार करत मी त्या काचेपुढं चांगला पाव तास उभा होतो, शेवटी शिपाई विचारायला आला.

आणि खासबाग. तुम्ही कुस्त्या बघितल्या असणार, पण मोकळ्या मैदानात सकाळी कधी गेलाय? शाहू महाराज १९०२ साली युरोपात गेले होते, रोमचं कलोसियम बघून आले आणि १९१२ साली हे मैदान उभं राहिलं. मधला हौदा (कुस्तीची जागा) खाली आणि बसायची जागा गोल उतरती, त्यामुळं लांब बसलेल्याला पण पुढच्याचं डोकं आडवं येत नाही. आमच्या गाईडनं काय केलं, दोघांना हौद्याजवळ उभं केलं, बाकीच्यांना पार वर पाठवलं आणि खालच्यांना साध्या आवाजात बोला म्हणाला. वर काय-काय ऐकू आलं ते सांगत नाही, खालचे दोघं नवरा-बायको होते.

शेजारचं नाट्यगृह मात्र बघवत नाही. पॅलेस थिएटर म्हणून १९१५ ला झालेलं, पुढं गायक-नट केशवराव भोसल्यांचं नाव लागलं, ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री आग लागली आणि दुसरा दिवस नेमका केशवरावांच्या जयंतीचा. त्या रात्री गावातली माणसं रस्त्यावर उभी राहून रडत होती. आमच्या ग्रुपमधल्या एक काकू तिथं आल्यावर पहिल्यांदाच बोलल्या, त्यांचं पहिलं नाटक तिथंच झालं होतं, बालनाट्यात झाड झाल्या होत्या. गाईड गप्प राहिला, त्यानं काकूंना बोलू दिलं. मला विचाराल तर त्या सकाळचं सगळ्यात चांगलं काम त्यानं तेच केलं. तेव्हा जा, बायकोचं ऐका. आणि गाईड काही चुकला तर मधेच तोडू नका, शेवटी बाजूला घेऊन सांगा, पेठेतल्या माणसाला हे जड जातं माहीत आहे.

प्रश्न : "स्मॉल ग्रुप" म्हणून पैसे भरले, प्रत्यक्षात ३८ माणसं निघाली. गाईडच्या गळ्यात स्पीकर, मागं काही ऐकू येईना, आणि शेवटचा अर्धा तास एका चपलांच्या दुकानात. पैसे परत मागावेत का?
— एक वाचक, इचलकरंजी

उत्तर : मागा की. जाहिरातीचा स्क्रीनशॉट असेल तर तो जोडून दोन ओळींचा मेसेज टाका, भांडण नको, "स्मॉल ग्रुप सांगितला, अडतीस आले, फरक परत द्या" एवढंच. मिळतील असं छातीठोक सांगत नाही, पण पुढच्या वेळी तो माणूस आकडा लिहिताना विचार करेल. इथून पुढं पैसे भरायच्या आधी फोनवर तीन गोष्टी विचारा, जास्तीत जास्त किती माणसं, दुकानात नेणार का, आणि पाऊस आला तर काय. तिसऱ्याला जो अडखळतो त्यानं रूट स्वतः चालून बघितलेला नसतो.

दुकानात नेलं म्हणून मात्र रागावू नका, न सांगता नेलं म्हणून रागवा. चप्पल लाईन, म्हणजे चपलांच्या दुकानांची ओळ, हा पण गावाचा इतिहासच आहे ना. कोल्हापुरी चपलेला २०१९ मध्ये जीआय (भौगोलिक मानांकन) मिळाला तो एकट्या कोल्हापूरला नाही, महाराष्ट्रातले चार आणि कर्नाटकातले चार जिल्हे मिळून. हे जो कारागिराशेजारी बसवून, वेणी कशी घालतात ते दाखवत सांगतो त्याच्याबरोबर अर्धा तास गेला तरी कळत नाही. गल्ल्याजवळ उभं करून "बघा, बघायला पैसे नाहीत" म्हणतो त्याच्याबरोबर पाच मिनिटं पण जात नाहीत.

प्रश्न : वॉकसाठी खास नवीन कोल्हापुरी घेतली आहे. घालू ना?
— एक वाचक, ठाणे

उत्तर : नका घालू! भवानी मंडपाच्या आतच अंगठा सोलून निघेल. नव्या चपलेला तेल लावा, आठवडाभर घरात करकर वाजवत फिरा, मग बाहेर काढा. वॉकला जुने सँडल बरे, काढायला-घालायला सोपे पण पाहिजेत, देवळापाशी काढावे लागतातच.

प्रश्न : मिसळ आधी की वॉक आधी?
— एक वाचक, नाशिक

उत्तर : वॉक. कोल्हापुरी कट (मिसळीचा तिखट रस्सा) पोटात घेऊन उन्हात अडीच तास चाललात तर पुढचं तुमचं तुम्ही बघा. आणि इथं मिसळीबरोबर ब्रेड येतो, पाव मागू नका, देतील पण बघतील तुमच्याकडं. त्यापेक्षा वॉक गंगावेशीपाशी संपत असेल तर दूध कट्ट्यावर थांबा. म्हशी तिथंच उभ्या असतात, समोर धार काढून ग्लास हातात देतात, कोमट, वर दोन बोटं फेस. नाशिकच्या माणसाला पहिला घोट जरा अवघड जाईल, दुसऱ्या ग्लासाला काही अडचण येत नाही.