लाडू मी नाही खाल्ला!

प्रश्न : ताई, माझा मुलगा सव्वाचार वर्षांचा आहे. हल्ली सर्रास खोटं बोलायला लागलाय. परवा डब्यातला बेसनाचा लाडू खाल्ला, तोंडाला चुरा तसाच, आणि विचारलं तर म्हणे मी नाही खाल्ला. मी ओरडले, बाबांनी एक धपाटा दिला, तर आता डोळ्यात डोळे घालून जास्तच सफाईने खोटं बोलतो. रोज रात्री 'लांडगा आला रे आला'ची गोष्ट सांगते, ढिम्म फरक नाही. सासूबाई म्हणतात आत्ताच आवरा नाहीतर पुढे जड जाईल. आमच्या घरात कुणी खोटं बोलत नाही हो, मग हा कुठून शिकला? – एक आई, नाशिक

उत्तर : घाबरू नका. त्याला कुणी शिकवलेलं नाही, आणि तो बिघडलेलाही नाही. वर्षभरापूर्वी याच मुलाला हाच प्रश्न विचारला असतात तर "हो खाल्ला, अजून दे" म्हणाला असता. तेव्हा तो जास्त प्रामाणिक होता असं नाही, मला जे माहितीय ते आईला माहीत नसू शकतं हेच त्याच्या डोक्यात आलेलं नव्हतं. आता आलंय. खोटं बोलायला आधी हे कळावं लागतं की समोरच्याच्या डोक्यात वेगळं काही असू शकतं आणि मी बोलून ते बदलू शकतो. ही फार मोठी उडी आहे हो, मला तर मुलांच्या वाढीतली ही सगळ्यात थक्क करणारी गोष्ट वाटते.

हे पहिल्यांदा नीट तपासलं ऑस्ट्रियातल्या हाइन्झ विमर आणि योसेफ पेर्नर या दोघांनी, 1983 मध्ये. मुलांना एक गोष्ट सांगायची. मॅक्सीने चॉकलेट एका कपाटात ठेवलं आणि तो खेळायला गेला. मागे आईने ते दुसऱ्या कपाटात ठेवलं. मॅक्सी परत आला, आता तो चॉकलेट कुठे शोधेल? लहान मुलं सांगतात, दुसऱ्या कपाटात, कारण चॉकलेट तिथेच आहे ना! मॅक्सीला ते माहीतच नाहीये हा हिशोब त्यांच्याकडे नसतो. साधारण चार ते पाचच्या आसपास उत्तर बदलतं. आणि हे फक्त युरोपातल्या मुलांचं नाही बरं का, 2005 मध्ये भारत, कॅनडा, पेरू, सामोआ आणि थायलंड अशा पाच देशांतल्या मुलांवर अशीच चाचणी झाली तेव्हाही तीन ते पाच या वयातच हा बदल होताना दिसला.

घरी करून बघायचं असेल तर सोपा प्रकार आहे. बिस्किटाच्या रिकाम्या पुड्यात खडू भरा आणि पुडा बंद करून मुलाला दाखवा, यात काय आहे? "बिस्किट." मग उघडून दाखवा, खडू! परत बंद करा आणि विचारा, आजीने हा पुडा अजून पाहिलेला नाही, आजीला काय वाटेल, आत काय आहे? तीन वर्षांचं मूल बेधडक सांगतं "खडू". त्याहून गंमत म्हणजे, उघडायच्या आधी तुला काय वाटलं होतं असं विचारलं तरी "खडू"च म्हणतं. आत्ताच तर बिस्किट म्हणाला होता! तो फसवत नसतो, स्वतःचा मघाचा चुकीचा अंदाजही त्याला आता धरता येत नाही. तुमचा मुलगा बहुतेक "आजीला बिस्किट वाटेल" असं सांगून खुसूखुसू हसेल.

आता चुऱ्याचं. कॅनडात व्हिक्टोरिया तलवार आणि कांग ली यांनी मुलांना खोलीत बसवून पाठीमागे एक खेळणं ठेवलं आणि वळून बघायचं नाही असं सांगून मोठी माणसं बाहेर गेली. बहुतेक मुलं वळून बघतातच. मग विचारलं, पाहिलंस का? तीन वर्षांची साधारण निम्मी मुलं कबूल झाली, त्याहून मोठी बहुतेक सगळी नाही म्हणाली. पण लगेच पुढचा प्रश्न, मग काय असेल तिथे, अंदाज कर? की लहानगी पटकन खेळण्याचं नावच सांगून मोकळी! म्हणजे खोटं बोलणं आधी येतं आणि ते सांभाळणं नंतर, सहा-सातच्या पुढे जरा जमायला लागतं. तोंडाला चुरा आणि वर 'मी नाही' हे त्यातलंच. त्याला निर्ढावलेपणा समजू नका.

धपाट्याबद्दल मात्र मी स्पष्टच बोलते. तो बंद करा. याच दोघांनी पुढे पश्चिम आफ्रिकेतल्या दोन शाळांतल्या तीन-चार वर्षांच्या मुलांवर हाच प्रयोग केला, एका शाळेत मारायचे, दुसरीत नाही. मार खाणारी मुलं जास्त खोटं बोलली आणि जास्त बेमालूम बोलली. तुम्ही लिहिलंय ना, धपाट्यानंतर सफाई वाढली, ते अगदी तसंच आहे. मारामुळे मूल खरं बोलायला शिकत नाही, सापडायचं कसं नाही हे शिकतं.

आणि लांडग्याची गोष्ट. यावरही प्रयोग झालाय, 2014 साली. काही मुलांना लांडग्याची गोष्ट सांगितली, काहींना खोटं बोलल्यावर नाक वाढणाऱ्या पिनोकिओची, आणि काहींना जॉर्ज वॉशिंग्टनची, म्हणजे लहानपणी त्याने वडिलांचं चेरीचं झाड तोडलं आणि ते कबूल केल्यावर वडील रागवायच्या ऐवजी खुश झाले, ही. (ती घडलेली नाही, दंतकथा आहे, पण ते असो.) लांडगा आणि नाक यांचा काही उपयोग झाला नाही, वॉशिंग्टनच्या गोष्टीनंतर मात्र जास्त मुलं खरं बोलली. मग त्याच गोष्टीचा शेवट बदलून वॉशिंग्टनलाही वाईट फळ मिळालं असा केला, तर तिचाही परिणाम गेला. म्हणजे भीतीने काम होत नाही, खरं बोललं तर आईबाबांना बरं वाटतं हे मुलाला दिसायला हवं.

तेव्हा करायचं काय, तर ज्याचं उत्तर तुम्हाला माहितीय तो प्रश्न विचारूच नका. चुरा दिसतोय, मग "लाडू तू खाल्लास का" कशाला? त्या प्रश्नानेच आपण त्याला खोट्याच्या तोंडाशी नेऊन उभं करतो. सरळ म्हणा, लाडू खाल्लास ना, चल तोंड धुवू, पुढच्या वेळी मागून घे. आणि कधी स्वतःहून सांगितलं की ग्लास फुटला, तर आधी "सांगितलंस ते छान केलंस", काचा नंतर. घरात कुणी खोटं बोलत नाही म्हणालात, तरी एकदा सगळ्यांनी मिळून आठवून बघा, दारात वर्गणीवाले आले की "सांग बाबा घरी नाहीत", डॉक्टरकडे जाताना "इंजेक्शन नाही देणार हं", जेवणाच्या वेळी "मोबाइल बिघडलाय". मुलं हे सगळं टिपत असतात आणि तुमच्या मुलाला तर ते आता कळायलाही लागलंय. सासूबाईंना हे वाचून दाखवा, त्यांची काळजी खरी आहे, फक्त उपाय वेगळा हवा.

प्रश्न : माझी नात अडीच वर्षांची, बंगळुरूला असते. फोनवर "जेवलीस का" विचारलं की नुसती मान हलवते, इकडे आम्हाला काय दिसणार? सुट्टीत आली होती तर लपाछपीत खोलीच्या मधोमध उभी राहून डोळे झाकून घ्यायची आणि वाटायचं लपली. बाकी चुणचुणीत आहे. हे वयाप्रमाणे आहे ना? – एक आजोबा, सांगली

उत्तर : आजोबा, अगदी वयाप्रमाणे आहे. तिला जे दिसतंय, जे होतंय, ते तुम्हालाही पोचतंय असं तिला वाटतं. जाँ पियाजे या स्विस मानसशास्त्रज्ञाने डोंगरांचं एक मॉडेल वापरून हे दाखवलं होतं. टेबलावर तीन डोंगर, मूल एका बाजूला आणि बाहुली दुसऱ्या बाजूला, बाहुलीला काय दिसतंय? लहान मुलं स्वतःला दिसणारं चित्रच निवडायची. पण पुढे लक्षात आलं की डोंगरांचं कोडंच मुलांना फार अवघड होतं. मार्टिन ह्यूज यांनी त्याऐवजी पोलिसाच्या बाहुल्या आणि छोट्या भिंती घेतल्या, पोलिसाला दिसणार नाही अशा जागी एका छोट्या मुलाच्या बाहुलीला लपव म्हटलं, तर साडेतीन ते पाच वर्षांच्या मुलांनी बहुतेक वेळा बरोबर लपवलं. लपणं म्हणजे काय हे मुलांना ठाऊक असतं ना, डोंगराच्या फोटोंशी त्यांना काय देणंघेणं!

डोळे झाकण्याचं तर फारच गोड आहे. 2012 मध्ये केंब्रिजला तीन-चार वर्षांच्या मुलांचे डोळे झाकून विचारलं, तू मला दिसतोस का? बरीच मुलं म्हणाली, नाही. तुझं डोकं दिसतंय का? हो, दिसतंय! शरीर दिसतंय पण 'मी' दिसत नाही, कारण त्यांच्या लेखी नजरेला नजर भिडली तरच एकमेकांना पाहिलं. म्हणजे नात काहीतरी विचार करूनच उभी असते.

आणि तिला दुसऱ्याचं काहीच कळत नाही असंही समजू नका. अमेरिकेतल्या बर्कली विद्यापीठाच्या एका प्रयोगात बाईंनी मुलांसमोर खारी बिस्किटं खाऊन तोंड वाकडं केलं आणि कच्ची ब्रोकोली खाऊन "वा!" केलं, मग हात पुढे केला, मला दे. चौदा महिन्यांच्या मुलांनी स्वतःला आवडणारं बिस्किटच दिलं. अठरा महिन्यांच्यांनी ब्रोकोली दिली! मला नको असलं तरी हिला हवंय, एवढं दीड वर्षाच्या जिवाला समजतं. तुमची नात त्याच्या वर्षभर पुढे आहे. फोनवर मान हलवली की "मला दिसत नाही गं राणी, तोंडाने सांग" एवढंच म्हणत राहा, आणि लपाछपीत ती सापडत नाही म्हणून खोलीभर शोधाशोध करा. त्या नाटकातूनही ती शिकतेच.

प्रश्न : मुलगा साडेतीन वर्षांचा, एकुलता एक. व्हॉट्सअॅपवर टोपली आणि डब्यातल्या गोटीची टेस्ट आली होती, ती केली तर चुकला. मेसेजमध्ये लिहिलं होतं की चुकला तर ऑटिझम, म्हणजे स्वमग्नता. झोप उडालीय. भावंड नाही म्हणून तर नाही ना मागे पडला? – एक पालक, परभणी

उत्तर : ती टेस्ट वरच्या मॅक्सीच्या गोष्टीसारखीच आहे, एक मुलगी गोटी टोपलीत ठेवून बाहेर जाते, मागे दुसरी ती डब्यात टाकते, पहिली परत आल्यावर गोटी कुठे शोधेल? ती 1985 ची आहे, लंडनच्या सायमन बॅरन-कोहेन आणि सहकाऱ्यांची. त्यात ऑटिझम असलेल्या 20 पैकी 16 मुलांचं उत्तर चुकलं म्हणून ती गाजली, पण साडेतीनच्या वयात ते उत्तर कितीतरी मुलांचं चुकतं, वर नाशिकच्या ताईंना लिहिलंय ते वाचा. या टेस्टवरून निदान होत नाही, कुणी करतही नाही, असले मेसेज पुढे पाठवू नका प्लीज.

भावंडांचं म्हणाल तर ज्या मुलांना भावंडं असतात ती या चाचण्यांत थोडी आधी पास होतात असं काही अभ्यासांत दिसलंय, पण त्यात मोठा वाटा घरातल्या बोलण्याचा असावा, नुसतं डोक्यांची संख्या मोजून काही होत नाही. कर्णबधिर मुलांकडे बघा. आईवडील ऐकू येणारे असले आणि घरात कुणाला सांकेतिक भाषा नीट येत नसली तर ही मुलं या चाचण्यांत बरीच उशिरा पोचतात, पण आईवडील स्वतः कर्णबधिर असले आणि जन्मापासून हातांनी भरपूर गप्पा होत असल्या तर उशीर होत नाही. तेव्हा बोला त्याच्याशी, कोण का चिडलं, काकाला काय वाटलं असेल, आजीला माहीतच नव्हतं म्हणून ती शोधत बसली, असलं रोजचं. शेजारच्या पोरांबरोबर भातुकली, दुकान-दुकान खेळू द्या, तू गिऱ्हाईक हो मी दुकानदार यात दुसऱ्याच्या जागी जाऊन बसायची भरपूर सवय होते.

काळजी करण्यासारखं असेल ते वेगळं असतं आणि ते टेस्टमध्ये नाही, रोजच्या वागण्यात दिसतं. हाक मारल्यावर वळून बघत नाही, हवी ती किंवा आवडलेली वस्तू बोटाने दाखवून "बघ" म्हणून तुमच्याकडे पाहत नाही, खोटा फोन किंवा खोटा चहा असलं काही खेळत नाही, किंवा आधी येत असलेले शब्द गेलेत, यातलं काही जाणवत असेल तर लगेच बालरोगतज्ज्ञांना दाखवा. खर्चाचा प्रश्न असेल तर राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाखाली जिल्हा शीघ्र हस्तक्षेप केंद्रं आहेत, डीईआयसी म्हणतात त्यांना, अंगणवाडीत किंवा जिल्हा रुग्णालयात चौकशी करा. यातलं काहीच नसेल आणि फक्त गोटीचं उत्तर चुकलं असेल तर सहा-आठ महिन्यांनी परत तीच गोष्ट सांगून बघा, आणि आज रात्री झोपा.