ॲरिस्टॉटल कुठे लागतो

भाऊ, तू विचारलंस, ख्रिस्ताला मानायला ॲरिस्टॉटल, तो ग्रीक तत्त्वज्ञ, कशाला? मानायला नाहीच लागत. पण मानतो ते नेमकं काय, हे सांगायला बसलास की तत्त्वमीमांसा, म्हणजे एखादी गोष्ट मुळात काय आहे याचा विचार, दारात उभी राहते.

इ. स. ३२५ ची निकेयाची परिषद, म्हणजे ख्रिस्ती बिशपांची सभा, घे. एरियस नावाचा धर्मगुरू म्हणे, पुत्र, म्हणजे ख्रिस्त, पित्याने निर्माण केलेला आहे. बायबलची वचनं दोन्ही बाजू पुढे करत होत्या. शेवटी परिषदेने 'होमोऊसिओस', म्हणजे पित्याशी एकाच सत्त्वाचा, हा शब्द घेतला. तो बायबलमध्ये कुठेच नाही! इथे घाई करू नकोस, मला हे पचायला दोन वर्षं लागली.

मग थॉमस अक्वायनस, मध्ययुगातला ख्रिस्ती धर्मपंडित. तव्यावरची कळण्याची भाकर बघ: रंग बदलतो, डाग पडतात, कडक होते, तरी भाकर तीच. गुण बदलले, द्रव्य, म्हणजे मूळ वस्तू, राहिलं. प्रभुभोजनात, म्हणजे चर्चमधल्या भाकर-द्राक्षारसाच्या विधीत, थॉमस उलटं सांगतो: रंग-चव तशीच, द्रव्य मात्र ख्रिस्ताचं शरीर. द्रव्य-गुण ही जोडी ॲरिस्टॉटलची, पण द्रव्यावाचून गुण टिकतात हे त्याने मानलं नसतं. म्हणजे श्रद्धेने उसनं घेतलेलं हत्यार आपल्या कामासाठी वाकवलं. मला यातच खरी ताकद दिसते.

एक जपायचं. अमळनेरचं तत्त्वज्ञान मंदिर १९१६ चं, अद्वैताच्या अभ्यासासाठी उभं राहिलेलं. आपल्या कानांना ती सवय आहे, म्हणून 'एक सत्त्व' ऐकलं की ब्रह्म आठवतं. पण त्रैक्यात, म्हणजे एकाच देवात, पिता, पुत्र, आत्मा हा भेद मायिक, म्हणजे नुसता भास, नाही.

पुढच्या रविवारी निकेयाचा विश्वासांगीकार, म्हणजे श्रद्धेची कबुली, हाताने लिहून आण.