हँडल फिरवणारे हात: डॅनिश मूकपटांच्या कॅमेरामनबद्दल तुमचे प्रश्न

प्रश्न: सर, त्या काळी डेन्मार्कमध्ये कॅमेरामन व्हायचं कसं? कुठे शिकवायचे का?

कसलं शिकवतायत! नॉर्डिस्क ही फिल्म कंपनी काढणारा ओले ओल्सेनच मुळात जत्रा-करमणुकीच्या धंद्यातला माणूस, १९०५ ला कोपनहेगनात थिएटर काढलं आणि १९०६ ला कंपनी. त्याचा सुरुवातीचा डायरेक्टर विगो लार्सन आधी सैन्यात होता. कॅमेऱ्यामागे होता अ‍ॅक्सेल सोरेन्सन, पुढे ज्याने ग्रॉटकेअर हे आडनाव लावलं. आधी कॅमेऱ्याचं हँडल हातात यायचं (ते फिरवलं की आत फिल्म सरकायची), शिकायचं ते नंतर. १९०७ ची सिंहाच्या शिकारीची फिल्म त्यानेच शूट केलीय. ओल्सेनने खरे दोन सिंह विकत घेतले, रॉस्किल्ड फ्योर्डमधल्या एल्लेओरे बेटावर नेले आणि कॅमेऱ्यासमोर मारले. आज बघताना पोटात गोळा येतो. तेव्हाही बोंबाबोंब झालीच, न्यायमंत्री आल्बेर्टीने बंदी घातली, मग ओल्सेनने फिल्म गुपचूप स्वीडनला नेऊन तिकडे आधी दाखवली. गंमत म्हणजे पुढच्याच वर्षी, १९०८ ला, मंत्रीमहाशय स्वतःच पोलिसांत हजर झाले, करोडोंचा घोटाळा केला म्हणून!

प्रश्न: हाताने हँडल फिरवायचे तर स्पीड कमीजास्त नाही व्हायचा?

व्हायचा ना. साधारण हिशोब असा की एका फेऱ्यात ८ फ्रेम, म्हणजे ८ चित्रं, सेकंदाला दोन फेरे, म्हणजे सेकंदाला १६. समोर माणूस रडू दे नाहीतर सिंह येऊ दे, हाताचा ठेका मोडायचा नाही, आपल्याकडे तबलजी कसा लय सोडत नाही तसंच. हात मंदावला तर पडद्यावर माणसं पळत सुटतात, आणि हात जोरात फिरला की उलटं, सगळे पेंगल्यासारखे. आणि हो, मूकपट सगळे फास्टच असतात असं वाटतं ना, तो बऱ्याचदा नंतर चुकीच्या स्पीडने चालवल्याचा परिणाम असतो, बिचाऱ्या कॅमेरामनचा दोष नाही.

प्रश्न: त्या फिल्म्समधले चेहरे भुतासारखे का दिसतात?

तेव्हाच्या काळ्या-पांढऱ्या फिल्मला निळा रंग भरपूर दिसायचा आणि लाल जवळपास दिसायचाच नाही. त्यामुळे लाल ओठ काळे आणि आकाश पांढरंफटक. डेन्मार्कमध्ये तर निळ्या डोळ्यांचे नट, म्हणजे बुबुळंच गायब व्हायची भीती! मेकअप आणि लाईट त्या हिशोबाने करायला लागायचे. स्टुडिओ काचेचा, ऊन आत यायचं, वर आर्क लॅम्प, म्हणजे विजेचे प्रखर दिवे. पण याच लोकांनी अंधार वापरायला शिकवलं बघा. बेन्यामिन क्रिस्टेनसनच्या १९१४ च्या हेरगिरीच्या फिल्ममध्ये एमिल डिनेसनचा कॅमेरा दारा-खिडक्यांतल्या उजेडावर माणसांच्या काळ्या आकृत्या अशा काही उभ्या करतो की मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मागे जाऊन परत पाहिलं. तेव्हाच्या डॅनिश फिल्म्समध्ये आरसेही भरपूर. खोलीतला जो भाग फ्रेमबाहेर तो आरशात दिसतो, आणि कॅमेरा स्वतः दिसता कामा नये, करून बघा एकदा मोबाईलने, घाम फुटेल.

प्रश्न: एवढं करून यांचं करिअर कुठे गेलं? सगळे डायरेक्टर झाले का?

आल्फ्रेड लिंड झाला. १९१० ला आस्टा निल्सेनला स्टार करणारी 'आफग्रुन्डेन' त्याच्या कॅमेऱ्याने टिपलेली, तिचा तो दोरीने पुरुषाला बांधत केलेला गाजलेला नाच त्यानेच शूट केलेला, आणि पुढच्याच वर्षी तो डायरेक्शनला. ग्रॉटकेअर १९१३ च्या सुमारास जर्मनीला गेला. तिकडे पैसा मोठा, आस्टा पण तिकडेच. तिची 'हॅम्लेट' आणि नामवंत जर्मन डायरेक्टर मुर्नाऊची 'फँटम', दोन्हींच्या कॅमेऱ्यात त्याचा वाटा आहे. जत्रेच्या धंद्यातल्या मालकाकडे सुरुवात केलेला माणूस मुर्नाऊपर्यंत! पण माझा लाडका योहान आंकरस्टियेर्न. १९१३ ची बुडत्या जहाजाची 'अटलांटिस' त्याची, आणि १९२२ ची 'हेक्सन' पण. त्यातल्या उडणाऱ्या चेटकिणी आठवा, खाली मिनिएचर गाव, वर एकावर एक चढवलेले एक्स्पोजर (तीच फिल्म पुन्हा पुन्हा शूट करून), आणि कॉम्प्युटर नाही हो कुठे! पुढे त्याने फिल्म धुण्याची लॅब काढली, म्हणजे डायरेक्टरच्या खुर्चीऐवजी केमिकलच्या टाक्यांकडे. मला तरी ते पटतं, निगेटिव्ह धुताना बिघडली तर सेटवरची मेहनत मातीत हे त्याच्याइतकं कुणाला कळणार?

प्रश्न: बघायच्या कुठे?

डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूटने बऱ्याच ऑनलाइन फुकट ठेवल्यात. 'आफग्रुन्डेन'पासून सुरू करा, आणि नाच आला की आस्टाकडे बघायच्या आधी कॅमेरा कुठे ठेवलाय ते बघा, तो प्रेक्षकांत नाहीये.