परतीच्या नियमाबद्दल

प्रिय,

कथा दोनदा वाचली. दुसऱ्यांदा वाचताना हातात पेन्सिल होती, म्हणून हे पत्र. बंद खोलीत राखेचं पुन्हा पत्र होतं, पेल्यातल्या पाण्याचा बर्फ होतो आणि तुझी नायिका दाराशी खिळून ते बघत राहते, हा प्रसंग फार सुरेख उतरलाय. त्याला हात लावू नकोस. मला बोलायचंय ते त्यामागच्या नियमाबद्दल.

तुझा ‘परतीचा नियम’ म्हणतो, ज्या जागेत एन्ट्रॉपी (विस्कटलेपणाचं माप) कमी होते त्या जागेत काळ मागे वाहतो. एका ओळीत मावतो आणि लक्षातही राहतो. पण तो जसाच्या तसा धरला तर साधा फ्रिजसुद्धा कालयंत्र ठरतो. फ्रिजमध्ये पाण्याचा बर्फ होतो, म्हणजे पाण्याची एन्ट्रॉपी घटतेच. तरी शेजारी ठेवलेलं दूध कालच्याइतकं ताजं होत नाही, हळूहळू का होईना नासतंच. एक ग्रॅम पाणी गोठताना सुमारे ३३४ ज्यूल उष्णता सोडतं, फ्रिजची मोटर त्यात आपली भर घालते आणि ती सगळी उष्णता मागच्या बाजूने बाहेर पडते. आत जेवढी एन्ट्रॉपी घटली त्याहून जास्त बाहेर वाढली. भौतिकशास्त्रज्ञ क्लॉसियसने १८६५ साली एन्ट्रॉपी हा शब्द घडवला, तेव्हा ती कमाल मूल्याकडे जाते हे त्याचं विधान साऱ्या विश्वाबद्दल होतं, एखाद्या पेल्याबद्दल नव्हे. तुझ्या नियमात खोली आहे, पण खोलीच्या भिंतीपलीकडचं काहीच नाही.

नियम काल्पनिकच आहे, मग एवढी चिरफाड कशाला, असं तुला वाटेल. मला उलट वाटतं. खऱ्या नियमामागे निसर्ग उभा असतो, कुणाला पटो न पटो, तो चालतोच. तुझ्या नियमामागे एकटी तू उभी आहेस. वाचकाने तो एकदा मान्य केला की पुढे तुलाही मोडता येणार नाही, इतका तो घट्ट हवा.

‘काळ मागे वाहतो’ हे शब्द मी तर काढूनच टाकेन. एन्ट्रॉपी वाढतच जाते हे रेणूंच्या गतीवरून सिद्ध करू पाहणाऱ्या बोल्ट्झमन या भौतिकशास्त्रज्ञाला १८७६ मध्ये लोश्मिट या दुसऱ्या भौतिकशास्त्रज्ञाने एक पेच घातला होता. रेणूंच्या गतीचे नियम दोन्ही दिशांना सारखेच लागू पडतात; मग सगळ्या रेणूंचे वेग एकदम उलटे केले तर सारं आल्या वाटेने परत का जाऊ नये? पुढच्याच वर्षी बोल्ट्झमनने मोजणी पुढे केली. परतायला बंदी नाही, पण विस्कटलेल्या मांडण्यांची संख्या अफाट असते आणि नीटनेटक्या अगदी मोजक्या. शंभरच रेणू घे. ते सगळे एकाच वेळी डब्याच्या डाव्या अर्ध्यात सापडण्याची शक्यता दोनाच्या शंभराव्या घातात एक. सेकंदाला शंभर कोटी नव्या मांडण्या होत राहिल्या तरी सरासरी वाट बघावी लागेल ती विश्वाच्या आजवरच्या वयाच्या जवळजवळ तीन हजार पट. आणि हे फक्त शंभर रेणूंचं झालं!

तेव्हा तुझ्या खोलीत काळ उलटत नाही, वेग उलटतात, असं धरून बघ. याच्या जवळचं काहीतरी प्रत्यक्षात झालेलं आहे. १९५० मध्ये भौतिकशास्त्रज्ञ अर्विन हानने अणुकेंद्रकांच्या विस्कटलेल्या स्पिनना, म्हणजे त्यांच्यातल्या जणू चिमुकल्या चुंबकांना, एक रेडिओ स्पंद दिला आणि थोड्या वेळाने ते आपसूक पुन्हा एका तालात आले. त्यांची शिस्त हरवली नव्हती, नुसती दिसेनाशी झाली होती. तुझ्या राखेला ही कल्पना किती शोभेल! पत्रातलं अक्षर न् अक्षर राखेच्या, धुराच्या, खोलीतल्या हवेच्या हालचालींत अजून शिल्लक आहे, आणि एकही रेणू फटीतून निसटला तर ते पत्र पुरतं जुळणार नाही.

आता सातवं पान. तिथे नायिका आत पाऊल टाकते आणि तू तिला सगळं आठवू देतेस. इथे मी बराच वेळ थांबलो. खोलीतलं सारं उलटत असेल तर तिचा मेंदूही त्या साऱ्यातच आला. आठवण म्हणजे मेंदूत झालेला बदल, तोही उलटणार. आत गेल्यावर तिच्याजवळ नवी आठवण साठणार नाही, असलेली एकेक उसवत जाईल. तिला आत काहीच विचित्र वाटणार नाही, कारण विचित्र वाटण्यापुरतीही आठवण मागे उरणार नाही. खोली उलटतेय हे फक्त उंबऱ्याबाहेरच्या माणसाला दिसेल. तुझ्या कथेचं दुःख मला तिथेच आहे असं वाटतं, आणि तू ते ओलांडून पुढे गेलीस. तिच्या भावाला बाहेर ठेव. त्याच्या नजरेतून लिही.

एक हिशेब अजून राहिला. वेग उलटे करणाऱ्याला रेणू न् रेणूची माहिती हवी. ती कुठेतरी नोंदली जाणार आणि पुढच्या वेळेसाठी कधीतरी पुसावी लागणार. माहिती पुसताना किमान ठरावीक उष्णता बाहेर टाकावीच लागते, असं भौतिकशास्त्रज्ञ लँडॉवरने १९६१ मध्ये मांडलं. एका बिटमागे (हो किंवा नाही एवढ्याच माहितीमागे) ती अतिसूक्ष्म असते, पण शून्य कधीच नसते. तुझ्या खोलीत असे किती बिट असतील याचा अंदाज तूच कर.

पुढचा खर्डा पाठवशील तेव्हा भाऊ बाहेरच्या भिंतीला एकदा हात लावून बघू दे. ती किती तापली आहे, ते मला त्याच पानावर कळायला हवं.

तुझा,
सर