वक्र नेमका कुठे पलटतो?

प्रश्न : मुलगी न्यू जर्सीत अकरावीला आहे. एपी कॅल्क्युलससाठी (शाळेतच शिकायचं कॉलेजच्या पातळीचं कलन) टीआय-८४ प्लस हा आलेख काढणारा कॅल्क्युलेटर वापरते. इन्फ्लेक्शन पॉइंट (वक्राचा बाक जिथे उलटतो तो बिंदू) काढताना कधी २ ऐवजी १.९९९९९९७ येतं, तर कधी ‘नो साइन चेंज’ अशी एरर. चुकतंय कुठे?

उत्तर : पहिल्यात काहीच चुकत नाही. एक्स^४ − ४एक्स^३ घ्या. वाय-१ मध्ये हे फल (फंक्शन) भरा. वाय-२ मध्ये ‘मॅथ’, मग ८ दाबून वाय-१ चं विकलज (डेरिव्हेटिव्ह, म्हणजे उतार), आणि वाय-३ मध्ये तसंच वाय-२ चं, म्हणजे दुसरं विकलज. ते जिथे शून्यातून जाताना चिन्ह बदलतं, तिथे इन्फ्लेक्शन पॉइंट. (तिसरं विकलज असं मागू नका, एकात एक दोनच बसतात.) आता वाय-१, वाय-२ च्या ‘=’ वर कर्सर नेऊन एंटर दाबा, म्हणजे ते आलेख बंद होतील; नाहीतर पडद्यावर गुंता होतो. विंडो एक्स −१ ते ४, वाय −१५ ते ३०. नेहमीच्या −१० ते १० मध्ये आलेखाचा तळ कापला जातो, कारण तो −१२ वर आहे.

मग वाय-३ जिथे शून्य होतं ती जागा शोधायला ‘सेकंड’, ‘ट्रेस’, २. त्या जागेच्या डावीकडची सीमा, उजवीकडची सीमा, अंदाज. एका वेळी एकच शून्य पकडा. उत्तरं ० आणि २ यायला हवीत, पण यंत्र विकलज सूत्राने काढत नाही, ०.००१ मागे-पुढे जाऊन उतार मोजतं. दोनदा तसं केल्यावर १२एक्स^२ − २४एक्स मध्ये ०.०००००८ ची भर पडते. म्हणून २ चं १.९९९९९९७ होतं, आणि शून्याच्या जागी ३.३ई-७ (म्हणजे ०.००००००३३) सारखं काहीतरी दिसतं. मुलं ते ३.३ वाचतात, शेवटचा ‘ई-७’ बघतच नाहीत!

एरर बहुधा एक्स^४ सारख्या फलावर आली असणार. तिथे दुसरं विकलज १२एक्स^२, शून्याला टेकतं पण चिन्ह बदलत नाही. म्हणजे इन्फ्लेक्शन पॉइंट नाहीच, एरर बरोबर आहे. खात्री करायची तर होम स्क्रीनवर वाय-३(−१) आणि वाय-३(१) काढा : दोन्ही १२ च्या आसपास, दोन्ही धन. पेपरात हा चिन्हबदल शब्दांत लिहावा लागतो. ‘आलेखात दिसलं’ या कारणाला गुण नाहीत. त्रिकोणमितीय फल असेल तर आधी मोड रेडियनवर आहे ना, ते बघा.

प्रश्न : घनमुळाच्या वक्राला शून्यावर उभी स्पर्शिका आहे, तरी कॅल्क्युलेटर तिथे विकलज १०० सांगतो?

उत्तर : ०.००१ चं घनमूळ ०.१. दोन्ही बाजूंचा फरक ०.२, भागिले ०.००२, झाले १००. मोडमध्ये ‘क्लासिक’ निवडून ‘मॅथ’, ८ च्या कंसात चौथी किंमत, म्हणजे पायरी, ०.०००००१ द्या, १०००० येईल. पायरी बदलली की उत्तर असं पळत असेल, तर तिथे विकलज नाही समजा. इन्फ्लेक्शन पॉइंट मात्र आहे : दुसरं विकलज −१ वर ०.२२२, १ वर −०.२२२.