थेरपिस्ट नुसती खेळते आणि आम्हालाच प्रश्न विचारत बसते. ऑटिस्टिक मुलाला सायकोथेरपीचा खरंच फायदा होतो का?

ऑटिझम "बरा" करायला जात असाल तर नाही, पैसे वाचवा. भीती, चिंता, घालमेल यासाठी जात असाल तर होतो. बोलणाऱ्या मुलांच्या अँग्झायटीवर चित्रं वगैरे वापरून केलेल्या सीबीटीचा (विचार आणि वागण्याच्या सवयी बदलायला शिकवणारी थेरपी) उपयोग होतो याला बऱ्यापैकी पुरावा आहे, न बोलणाऱ्यांसाठी तुटपुंजा. पण तुमचं ते "आम्हालाच प्रश्न विचारत बसते" वाचलं आणि राहवलं नाही.

प्रश्नाप्रश्नात फरक असतो. आमच्या ऑटिस्टिक मुलाच्या पहिल्या थेरपिस्टने पहिल्याच भेटीत बायकोला विचारलं, बाळ लहान असताना नोकरी करत होतात का. मानसशास्त्रज्ञ ब्रुनो बेटलहाइमने १९६७ मध्ये अख्खं पुस्तक लिहून ऑटिझमचं खापर आईच्या थंडपणावर फोडलं होतं, आणि बर्नार्ड रिमलँडने (हाही मानसशास्त्रज्ञ, आणि स्वतः ऑटिस्टिक मुलाचा बाप) त्याआधीच, १९६४ मध्ये, मूळ मेंदूत आहे असं मांडलं होतं, तरी हा प्रश्न काही मरत नाही. तिकडे परत गेलो नाही.

दुसरीने एकदा पालकांच्या मीटिंगमध्ये सरळ सांगितलं, याच्यासोबत बसले की मला झोप यायला लागते, मी हे माझ्या सुपरव्हायझरकडे नेलंय (म्हणजे थेरपिस्टच्या कामावर नजर ठेवणारा अनुभवी थेरपिस्ट). हे मोठ्या भावाला सांगितलं तर तो उखडलाच, "फी घेऊन झोपते आणि तुला तिचं कौतुक?" तर झालं असं की सुपरव्हायझरने तिला सेशन आठवून जसंच्या तसं लिहून काढायला लावलं. आमचा मुलगा मध्येच "चला, चप्पल घाला" म्हणायचा, तेच तेच बोलतो म्हणून कुणी लक्ष देत नव्हतं. लिहिताना तिला दिसलं की हे तर आपलंच वाक्य, सेशन संपताना आपण म्हणतो ते, आणि हा अर्धा वेळ शिल्लक असतानाच म्हणतो. म्हणजे संपणार याची धास्ती, मग खेळ थांबायचा, हा आत कुठेतरी निघून जायचा आणि हिला पेंग. तिने किती वेळ उरलाय ते दाखवणारी चित्रं भिंतीवर लावली, त्याने चप्पल म्हटलं की ती म्हणायची "चप्पल अजून नाही". हळूहळू खेळ लांबायला लागला. रविवारी मी समोर बसलेला असताना तो "बाबा ऑफिसला गेले" म्हणत का रडायचा तेही आम्हाला तेव्हाच उलगडलं, तीही पुढे होणाऱ्या गोष्टीची धास्तीच.

त्यामुळे डिग्र्या नंतर बघा, आधी विचारा की तुमचं सुपरव्हिजन कोण करतं. या प्रश्नाचा राग आला तर उठून या. जी बाई मुलाला दोष देण्याआधी स्वतःला काय होतंय हे तपासते तिच्याकडे पैसे वाया जात नाहीत, दादा काहीही म्हणो.

हां, स्पीच थेरपी आणि ओटी (ऑक्युपेशनल थेरपी, रोजची कामं जमायला मदत करणारी) बंद करू नका याच्या नादात, ते वेगळं काम आहे. आणि झोप, पोट, फिट्स यातलं काही वाटलं तर आधी डॉक्टर. आमचं एकच उदाहरण आहे, तुमचं मूल वेगळं असणार.

दादा हे वाचेलच. पालकांच्या मीटिंगला काकालाही येता येतं, मी विचारून ठेवलंय.