नळापासून उलटा चालत जा

पहिल्याच डॉक्युमेंटरीला ‘शहर कसं चालतं’ असला विषय घेऊ नकोस, पसारा आवरत नाही. सोलापुरात राहतोस ना? मग पाणी घे. रोज न येणारं, आलं तर अपरात्री येणारं.

धरणापासून सुरुवात करायचा मोह होईल; ड्रोन उडवायची हौस, दुसरं काय! तू नळापासून उलटा जा. आधी चावीवाला गाठ, म्हणजे गल्लोगल्ली पाणी सोडणारा माणूस. लांब लोखंडी चावी खड्ड्यात उतरवून तो आटे मोजत फिरवतो, ते हात जवळून घे. मुलाखत नंतर. कोणत्या बोळाला दाब कमी, कुठे मोटारी लागतात, हे त्याला कागद न बघता ठाऊक असतं.

पुढे दोन वाटा आहेत. उजनी धरणातून थेट जलवाहिनीने पाकणीच्या जलशुद्धीकरण केंद्रात येणारं पाणी, आणि भीमा नदीत सोडून औज बंधाऱ्यात अडवलेलं, टाकळीच्या पंपहाउसमधून उपसलेलं. दुसरी वाट धर. नदीतून येताना किती मुरतं, काठावरच्या मोटारी किती ओढतात, खरी गोष्ट तिथे आहे.

‘उजनी मायनसमध्ये’ म्हणजे धरण कोरडं नव्हे, हेही दाखव. सुमारे ११७ टीएमसी (अब्ज घनफूट) क्षमतेपैकी साधारण ६३ टीएमसी मृतसाठा, म्हणजे नेहमीच्या वापरात न धरलेलं तळाचं पाणी. पाणी त्यात उतरलं की आकडा उणे होतो.

पंपहाउस आणि धरणासाठी लेखी परवानगी आधीच काढ, ड्रोनची वेगळी. पंपांच्या घरघरीत कॅमेऱ्याचा माइक कामाचा नाही; कॉलर माइक भाड्याने आण. शहराला पाणी देणारा हिप्परगा तलाव मात्र पुढच्या फिल्मला ठेव.